मादागास्करच्या जंगलात पानासारखी पाल कशी शोधावी

युरोप्लेटस फॅन्टॅस्टिकस ही जेमतेम बोटाएवढी पाल मादागास्कर बेटाच्या पूर्वेकडील वर्षावनांतच आढळते. 1888 साली प्राणिशास्त्रज्ञ बूलेंजर यांनी तिची शास्त्रीय नोंद केली. तिचे अंग वाळक्या पानासारखे दिसते आणि शेपटी तर हुबेहूब पान असते. म्हणूनच ती शोधायला तीक्ष्ण नजरेपेक्षा संथ नजर अधिक उपयोगी पडते.

रानोमाफाना (मालागासी भाषेत याचा अर्थ ‘गरम पाणी’) आणि अंदासिबे ही तिच्यासाठी प्रसिद्ध असलेली ठिकाणे आहेत. ही पाल निशाचर आहे. परंतु राष्ट्रीय उद्यानांत अंधार पडल्यावर फिरण्यास परवानगी नसल्यामुळे रात्रीचा शोध उद्यानाबाहेरच्या रस्त्याच्या कडेने घ्यावा लागतो. सोबत स्थानिक वाटाड्या अवश्य घ्यावा, कारण कोणत्या झुडपांत पाल दिसते हे त्याला रोजच्या फिरण्यातून ठाऊक असते. नोव्हेंबर-डिसेंबरमधील उबदार, ओलसर रात्री चांगल्या. जळवा असतात, त्यामुळे लांब मोजे घालावेत.

हेडलॅम्पचा झोत मंद ठेवून गुडघ्यापासून डोक्यापर्यंतच्या उंचीतील बारीक फांद्या एकेक करून पाहाव्यात. दिवसा ही पाल पालापाचोळ्यात किंवा झुडपात अडकलेल्या वाळक्या पानांत निश्चल बसते आणि अंधार झाल्यावर भक्ष्यासाठी बाहेर पडते. ‘पाल कुठे आहे’ असे शोधू नये. ‘या पानाला देठ कुठे आहे’ असे पाहावे. ज्या पानाला देठाच्या जागी बारीक पाय आहेत किंवा जे वारा नसताना किंचित सरकते, त्यावर नजर स्थिर करावी. शेपटीची कडा अनेकदा किडीने कुरतडल्यासारखी खाचेदार असते आणि अंगावरच्या रेघा पानांच्या शिरांसारख्या उमटलेल्या असतात. हे साम्य इतके पक्के असते की दोन हातांवरची पालही पहिल्या नजरेला निसटते. म्हणून एकदा पाहून झालेले झुडूप दुसऱ्या बाजूनेही पाहावे.

पाल सापडल्यावर प्रकाश थेट तिच्या डोळ्यांवर न टाकता बाजूने पाडावा, कारण अंधाराला सरावलेले ते मोठे डोळे मिटण्यासाठी तिला पापण्याच नसतात. थोडे थांबलात, तर ती जीभ बाहेर काढून डोळ्याचा पारदर्शक पडदा पुसताना दिसू शकते. असे जवळून पाहायला मिळणे ही भाग्याची गोष्ट आहे, तेव्हा घाई करू नये. तिने तोंड उघडून आतला लालभडक रंग दाखवला किंवा शेपटी उभी केली, तर ती घाबरली आहे असे समजून मागे सरावे. फोटोसाठी तिला फांदीवरून उचलणे, दुसऱ्या पानावर बसवणे किंवा काडीने डिवचणे पूर्णपणे टाळावे. वाटाड्या स्वतःहून तसे करू लागला, तरी त्याला नम्रपणे थांबवावे.

वाटेवरून उतरून पालापाचोळा तुडवू नये आणि उलथूनही पाहू नये, कारण मादी आपली अंडी, बहुधा दोन, तिथेच घालते. पाळण्यासाठी होणाऱ्या पकडीमुळे युरोप्लेटस हा पालींचा संपूर्ण वंश (म्हणजे अशा पालींच्या सगळ्या जाती) साइट्स या वन्यजीवांच्या आंतरराष्ट्रीय व्यापारावर नियंत्रण ठेवणाऱ्या कराराच्या दुसऱ्या परिशिष्टात घालण्याचा निर्णय 2004 साली झाला. त्यामुळे कोणी पाल विकायला आणली, तर ती घेऊ नये आणि फोटोसाठी पैसेही देऊ नयेत. आपला फोटो इतरांना दाखवतानाही नेमके झुडूप किंवा वळण सांगू नये. जंगलाचे नाव तेवढे लिहावे.