मेगा सीडीच्या गेमची प्रत काढताना: ट्रॅक, गॅप आणि सगळं संगीत

दादाची मेगा सीडीची (सीडीवरचे गेम चालवणाऱ्या सेगा कंपनीच्या यंत्राची) एक डिस्क मागच्या वर्षी मी टेबलावरच्या दिव्यासमोर धरली आणि काळजात चर्र झालं. वरचं चित्र जसंच्या तसं होतं, खालच्या बाजूला एक ओरखडा नव्हता. पण सुईने टोचल्यासारख्या पाच-सहा ठिपक्यांमधून उजेड थेट डोळ्यांत येत होता. तेवढ्या जागी ॲल्युमिनियमचा थर गेलेला. लेझर आदळून परत यायला तिथे काही उरलंच नव्हतं. त्या रात्री घरातली प्रत्येक डिस्क मी दिव्यासमोर धरून पाहिली आणि दुसऱ्या दिवसापासून प्रती काढायला बसले.

सेगाचं हे यंत्र जपानमध्ये डिसेंबर १९९१ मध्ये आलं. तेव्हा सीडी लिहिणारे ड्राइव्ह घरोघरी नव्हते, म्हणून डिस्कवर कॉपी अडवणारं कुलूप घातलेलंच नाही. नीट लिहिलेली सीडी-आर (एकदाच लिहिता येणारी कोरी सीडी) यंत्रात काही बदल न करता चालते. फक्त प्रदेशाची तपासणी आहे, आणि त्यासाठीचा कोड डिस्कच्या सुरुवातीलाच असल्यामुळे तो प्रतीतही तसाच उतरतो. म्हणजे जपानी गेमची प्रत जपानी यंत्रावरच चालते. आणखी एक गोष्ट आधीच सांगते. हे सगळं स्वतःच्या मालकीच्या डिस्कसाठी आहे. आपल्या देशाचा कायदा काय म्हणतो ते आधी बघून घ्या, आणि काढलेली प्रत विकू नका, वाटू नका.

आधी डिस्क समजून घ्या

माझी पहिली प्रत फुकट गेली ती इथेच. मी नेहमीच्या सवयीने आयएसओ फाइल (डिस्कवरच्या डेटाची एकच फाइल) काढली आणि लिहिली. गेम सुरू झाला, नाव झळकलं, आणि पुढे सगळं मुकं. संगीत नाहीच.

कारण असं की या डिस्कवर पहिला ट्रॅक गेमच्या डेटाचा असतो, आणि बहुतेक गेममध्ये दुसऱ्या ट्रॅकपासून पुढे साधं ऑडिओ सीडीचं संगीत असतं. गेम चालू असताना यंत्र सीडी प्लेयरसारखं ते ट्रॅक वाजवतं. मूळ डिस्क घरातल्या म्युझिक प्लेयरमध्ये टाकून दुसरा ट्रॅक लावा, गेमचं संगीत ऐकू येईल. (पहिला ट्रॅक लावू नका. तो डेटा आहे, काही प्लेयर त्याची कर्कश खरखर स्पीकरमध्ये सोडतात.) आयएसओ फाइल फक्त डेटा ट्रॅक उचलते. तोही अर्धवट, कारण सीडीचा एक सेक्टर (मजकुराचा ठरावीक तुकडा) २,३५२ बाइटचा असतो आणि त्यातले २,०४८ बाइटच तिच्यात येतात. उरलेल्यात सेक्टरचा पत्ता आणि चुका दुरुस्त करायची माहिती असते.

म्हणून प्रत काढायची ती बिन आणि क्यू या जोडीत. बिनमध्ये सगळे सेक्टर कच्चे, आहेत तसे. क्यू ही छोटीशी मजकूर फाइल, तिच्यात कुठला ट्रॅक कुठे सुरू होतो आणि मध्ये किती गॅप आहे ते लिहिलेलं असतं. बिन फाइलचं नाव बदललंत तर क्यूच्या पहिल्या ओळीतही बदला, नाहीतर जोडी तुटते.

बिन फाइल ७५० एमबीची निघाली म्हणून घाबरू नका. ७०० एमबीच्या कोऱ्या डिस्कवर ती बसते. तो ७०० चा आकडा २,०४८ बाइटच्या हिशेबाने छापलेला असतो. खरं माप मिनिटांत धरा: सेकंदाला ७५ सेक्टर, म्हणजे ८० मिनिटांच्या डिस्कवर ३,६०,००० सेक्टर. कच्च्या स्वरूपात तेच सेक्टर ८४ कोटी बाइटच्या वर जातात.

वाचन

सगळ्यात जास्त वेळ इथे द्या, लिहिणं त्यामानाने सोपं आहे. डिस्क मऊ कापडाने मध्यापासून कडेकडे सरळ रेषेत पुसा. गोल फिरवून पुसलं तर ओरखडा ट्रॅकच्या दिशेनेच पडतो आणि एका जागचा पुष्कळ मजकूर सलग जातो. वाचायचा वेग कमी ठेवा.

आता खरा धोका. डेटा सेक्टर चुकला तर ड्राइव्ह तक्रार करतो, कारण त्या सेक्टरमध्ये तपासणीची स्वतंत्र माहिती असते. ऑडिओ सेक्टरमध्ये ती नाही. तिथे वाचता आलं नाही तर ड्राइव्ह आजूबाजूचा आवाज जुळवून भोक बुजवतो आणि काही बोलत नाही. वाचन यशस्वी झालं असा संदेश येतो आणि संगीतात मात्र टिचकी राहते. म्हणून प्रत्येक डिस्क मी दोनदा वाचते आणि दोन्ही बिन फाइलींची एसएचए-१ बेरीज (फाइलच्या सगळ्या मजकुरावरून निघणारा तपासणीचा आकडा) ताडून बघते. तंतोतंत जुळली तरच पुढे.

दादाच्या त्या ठिपक्यांच्या डिस्कने इथेच दमवलं. डेटा दोन्ही वेळा सारखा, पण सातव्या ट्रॅकची बेरीज दर वेळी वेगळी. ड्राइव्ह बदलला, वेग आणखी उतरवला, डिस्क पुन्हा पुसली. तिसऱ्या ड्राइव्हवर सलग दोन वाचनं जुळली तेव्हा कुठे जीव भांड्यात पडला. एका ड्राइव्हची बेरीज दुसऱ्याशी जुळेलच असं नाही, हेही तेव्हाच कळलं. प्रत्येक मॉडेल ऑडिओ थोडं पुढेमागे सरकवून वाचतं, त्याला ऑफसेट म्हणतात. ताडून बघायचं ते एकाच ड्राइव्हच्या दोन वाचनांचं. तुमचा प्रोग्रॅम ऑफसेट सुधारून ट्रॅकवार फाइली देत असेल तर रीडंप या डिस्कच्या बेरजांची नोंद ठेवणाऱ्या संकेतस्थळाच्या यादीशीही जुळवा. ती जुळली की तुमची डिस्क शाबूत आहे याची यापेक्षा चांगली खात्री नाही.

कोरी डिस्क आणि लिहिणं

सीडी-आरडब्ल्यू (पुसून पुन्हा लिहिता येणारी सीडी) घेऊ नका. कारखान्यात छापलेली डिस्क सुमारे ७० टक्के प्रकाश परत पाठवते, सीडी-आर त्याच्या जवळपास, आणि आरडब्ल्यू १५ ते २५ टक्के. जुन्या लेझरला तेवढं पुरत नाही. सीडी-आरचा एक ब्रँड यंत्राला रुचला नाही तर दुसरा घ्या. रंगद्रव्य वेगळं असलं की कधीकधी तेवढ्यानेच काम होतं. लेझरची शक्ती वाढवायचा स्क्रू फिरवायचा सल्ला पुष्कळजण देतात. मी त्याच्या विरुद्ध आहे. तीस वर्षांच्या डायोडवर जादा प्रवाह सोडला की त्याचं उरलेलं आयुष्य झपाट्याने संपतं. आधी लेन्स हलक्या हाताने आयसोप्रोपिल अल्कोहोलने पुसून बघा.

लिहिण्यासाठी विंडोजवर इमगबर्न पुरेसा आहे. बिन फाइल देऊ नका, क्यू फाइल निवडा. तोच प्रोग्रॅमला ट्रॅकचा नकाशा असतो. दुसऱ्या प्रोग्रॅममध्ये विचारलं गेलं तर डिस्क ॲट वन्स (सगळी डिस्क एका दमात) निवडा. ट्रॅक ॲट वन्समध्ये लेझर प्रत्येक ट्रॅकनंतर थांबतो आणि मध्ये दोन सेकंदांची पोकळी सोडतो. एकमेकांना जोडून वाजायचे ट्रॅक तुटतात, आणि पुढचा प्रत्येक ट्रॅक आपल्या जागेवरून सरकतो.

वेगाबद्दल जुना सल्ला आहे की जितका कमी तितका बरा. तो जुन्या डिस्कसाठी खरा होता. आजच्या डिस्कचा रंग जास्त वेगासाठी बनवलेला असतो. माझ्या ड्राइव्हवर ८ किंवा १६ च्या वेगाने लिहिलेल्या प्रती सर्वांत स्वच्छ वाचल्या जातात.

संगीताऐवजी नुसतीच मोठी खरखर आली, तर डिस्क खराब समजून फेकू नका. ऑडिओच्या बाइटच्या जोड्या उलट्या क्रमाने लिहिल्या गेल्यात. काही प्रोग्रॅम त्या एका क्रमाने साठवतात, काही दुसऱ्या. क्रम उलटवायचा पर्याय शोधून पुन्हा लिहा.

तपासणी

गेम सुरू झाला म्हणजे प्रत झाली असं मानू नका. सीडी आतून बाहेर लिहिली जाते, सुरुवातीचा भाग मध्याजवळ असतो आणि तो बहुतेक वेळा नीटच वाचला जातो. बिघडते ती बाहेरची कड. प्रत म्युझिक प्लेयरमध्ये घालून शेवटचा ट्रॅक पूर्ण ऐका, मग यंत्रात घाला. गेममध्ये साउंड टेस्ट असेल तर एकेक ट्रॅक लावून बघा. मी प्रत संगणकावर परत वाचून डेटा ट्रॅकची बेरीजही ताडते. लिहिण्याच्या ऑफसेटमुळे ऑडिओ थोडं सरकतं आणि त्याच्या बेरजा जुळत नाहीत, त्याची काळजी नको.

नाव लिहायचं ते मधल्या पारदर्शक कड्यावर, मऊ टोकाच्या पाण्याच्या शाईच्या पेनाने. छापील बाजूकडचा थर अगदी पातळ असतो, टोकदार पेनाने तो फाटतो. मूळ डिस्क डबीत परत जाते, डबी उभी, उजेडापासून लांब. बिन-क्यूची जोडी मी दोन वेगळ्या हार्ड डिस्कवर ठेवते आणि बेरजेचा आकडा एका कागदावर लिहून डबीतच घालते.

दादाच्या डिस्कची प्रत आता यंत्रातच असते. सातवा ट्रॅक पूर्ण वाजतो.