वॉर्डातला रुग्ण आणि रात्रीचे वाचन : एमबीबीएसची अभ्याससाधने कशी निवडावीत, कशी वापरावीत

एमबीबीएसच्या विद्यार्थ्याला अभ्यासाची साधने कमी पडतात असे आता क्वचितच घडते. प्रत्येक विषयाचे एक जाड आणि एक पातळ पुस्तक, सीनियरकडून आलेल्या नोट्सची झेरॉक्स, एखाद्या ॲपचे व्हिडिओ आणि मोबाइलमध्ये साठलेल्या पीडीएफ एवढे सगळे पहिल्या काही महिन्यांतच जमा होते. यांतले आज रात्री काय उघडायचे हे ठरवता येत नाही, ही खरी अडचण असते. दुसऱ्या वर्षापासून पोस्टिंग, म्हणजे रुग्णालयाच्या विभागांत पाळीपाळीने शिकणे, सुरू झाल्यावर ही निवड करण्याचा एक भक्कम आधार हाती येतो, तो म्हणजे सकाळी वॉर्डात पाहिलेला रुग्ण. रात्रीचे वाचन त्याने ठरवावे आणि बाकीच्या साधनांनी त्याच्या मागून यावे, असे माझे ठाम मत आहे. पुढील सगळी मांडणी त्याच मतावर उभी आहे.

सुरुवात मात्र अभ्यासक्रमापासून करावी. २०१९ च्या तुकडीपासून देशभर क्षमताधारित अभ्यासक्रम लागू झाला आणि त्याचे तीन खंड विनामूल्य उपलब्ध आहेत. बहुतेक विद्यार्थी ते उघडूनही पाहत नाहीत, ही खेदाची गोष्ट आहे. प्रत्येक मुद्द्यासमोर तो केवळ माहीत असावा, करून दाखवता यावा की स्वतंत्रपणे पार पाडता यावा याची पातळी दिलेली असते. तो मुद्दा गाभ्याचा आहे की नाही आणि त्याची परीक्षा लेखी घ्यायची की तोंडी, हेही तिथे नमूद असते. एखादी तपासणी ‘करून दाखवणे’ या पातळीवर असेल, तर ती रुग्णावर किंवा स्किल लॅबमधल्या पुतळ्यावर हाताने केलीच पाहिजे. तिच्याबद्दल चार पाने वाचून ते काम होत नाही. नवीन पोस्टिंग लागण्याच्या आदल्या दिवशी त्या विषयाची ही यादी छापून घ्यावी आणि हाताने करायच्या गोष्टींवर खूण करावी. महाराष्ट्र आरोग्य विज्ञान विद्यापीठाच्या, म्हणजे नाशिकच्या, परीक्षांना बसणाऱ्यांनी या यादीशेजारी आपल्या विषयाच्या मागील काही वर्षांच्या प्रश्नपत्रिकाही ठेवाव्यात. महाविद्यालयाच्या ग्रंथालयात त्या सहसा मिळतात. दोन्ही एकत्र पाहिल्यावर विषयाचा कोणता भाग खोलवर वाचायचा आणि कोणता ओळखीपुरता, हे बऱ्यापैकी स्पष्ट होते.

पुस्तकांच्या बाबतीत नियम सोपा आहे : एका विषयाला एक मुख्य पुस्तक, आणि ते परीक्षेपर्यंत बदलायचे नाही. पॅथॉलॉजीसाठी रॉबिन्स किंवा मेडिसिनसाठी हॅरिसन सलग वाचून काढण्याचा संकल्प दरवर्षी अनेक जण करतात आणि दिवाळीपर्यंत सोडून देतात. असे ग्रंथ एखादा प्रश्न मनात घेऊन उघडावेत आणि उत्तर मिळाले की बंद करावेत. सलग वाचनासाठी मध्यम आकाराचे पुस्तकच बरे. रुग्ण तपासण्याच्या पद्धतीचे पुस्तक मात्र वेगळे आणि कायम सोबत हवे. हचिसन यांचे क्लिनिकल मेथड्स हे पुस्तक १८९७ मध्ये प्रथम निघाले आणि आजही नव्या आवृत्त्यांत वापरले जाते. रुग्णाशी बोलण्याचा, त्याला पाहण्याचा, हात लावण्याचा आणि ऐकण्याचा क्रम शतकभरात फारसा बदललेला नाही, हे त्यावरून लक्षात यावे.

आता मुख्य भागाकडे येतो. समजा, मेडिसिनच्या पोस्टिंगमध्ये उजव्या बाजूला प्लूरल इफ्युजन, म्हणजे फुफ्फुसाभोवतीच्या आवरणात साठलेला द्रव, असलेला एक तरुण रुग्ण दिसला. महाराष्ट्रातल्या कोणत्याही सरकारी रुग्णालयाच्या वॉर्डात असा रुग्ण सापडतो आणि परीक्षेतही वारंवार समोर येतो. सकाळी त्याची छाती तपासताना त्या बाजूची हालचाल कमी आहे, द्रव भरपूर असल्यामुळे श्वासनलिका विरुद्ध बाजूला सरकली आहे, बोटाने ठोकल्यावर दगडावर ठोकल्यासारखा बोथट आवाज येतो आणि श्वासाचे ध्वनी क्षीण आहेत, एवढे स्वतःच्या हाताने व कानाने टिपावे. रात्री याच चार गोष्टी कन्सॉलिडेशनमध्ये (फुफ्फुसाचा भाग घट्ट होणे) आणि कोलॅप्समध्ये (फुफ्फुसाचा भाग आकसणे) कशा बदलतात, याचा तक्ता पुस्तक न पाहता लिहावा आणि मगच पुस्तकाशी ताडून पाहावा. पुढचा प्रश्न द्रवाचा. तो एक्झुडेट (दाहामुळे पाझरलेला, अधिक प्रथिनांचा) आहे की ट्रान्सुडेट (दाबातल्या बदलामुळे साठलेला, कमी प्रथिनांचा), हे ठरवणारे लाइट यांचे निकष १९७२ चे आहेत : द्रवातील आणि रक्तातील प्रथिनांचे गुणोत्तर ०.५ पेक्षा अधिक, एलडीएच या एन्झाइमचे गुणोत्तर ०.६ पेक्षा अधिक, किंवा द्रवातील एलडीएच रक्ताच्या सामान्य कमाल मर्यादेच्या दोन तृतीयांशाहून अधिक. यांपैकी एक जरी लागू झाला तरी द्रव एक्झुडेट ठरतो. रुग्णाच्या फाइलमध्ये हे आकडे असतात. ते वहीत उतरवून भागाकार स्वतः करावा.

इथून हा एकच रुग्ण पाच विषयांत घेऊन जातो. निदान क्षयरोगाचे असेल तर पॅथॉलॉजीतला केसिएटिंग ग्रॅन्युलोमा (मधला भाग मृत झालेली पेशींची गाठ) त्याच रात्री पुन्हा पाहावा. मायक्रोबायोलॉजीत झील-नील्सन रंजन (क्षयजंतू रंगवून सूक्ष्मदर्शकाखाली पाहणे) आणि सीबीनॅट (जंतूंचा जनुकीय अंश शोधणारी चाचणी) वाचावे, आणि छातीतल्या द्रवात जंतू इतके विरळ असतात की ही चाचणी निगेटिव्ह आली तरी क्षयरोग नाकारता येत नाही, हे नीट समजून घ्यावे. फार्माकोलॉजीत क्षयरोगाच्या चारही औषधांचे दुष्परिणाम आठवावेत आणि एथॅम्ब्युटॉलमुळे दृष्टीवर परिणाम होऊ शकतो म्हणून रंग नीट ओळखू येतात का, हे या रुग्णाला दुसऱ्या दिवशी खरोखर विचारावे. सामाजिक वैद्यकशास्त्रात राष्ट्रीय क्षयरोग निर्मूलन कार्यक्रमाचे प्रकरण उघडावे, दोन महिने चार औषधे आणि त्यानंतर चार महिने तीन औषधे असा उपचारक्रम वाचावा आणि निक्षय पोषण योजनेतून रुग्णाला पैसे मिळतात की नाही, याचीही चौकशी करावी. ही मदत आधी महिन्याला ५०० रुपये होती आणि नोव्हेंबर २०२४ पासून ती १००० रुपये झाली आहे. एवढे सगळे एका बैठकीत होणार नाही. दोन-तीन रात्री लागतील आणि तेवढ्या द्याव्यात. अशा रीतीने वाचलेले प्रकरण तोंडी परीक्षेत आठवते, कारण त्याच्यामागे एक चेहरा आणि एक बेड नंबर असतो.

रुग्णाची हकिकत घेणे हे पुस्तकातून सर्वांत कमी शिकता येते आणि परीक्षेत सर्वांत लवकर उघडे पडते. ‘चक्कर येते’ म्हणणाऱ्या रुग्णाला भोवतालचे फिरताना दिसते, उभे राहिल्यावर डोळ्यांपुढे अंधारी येते, की नुसता अशक्तपणा वाटतो, हे वेगळे करून विचारावे लागते, कारण तिन्हींची कारणे वेगळी आहेत. दम लागण्याची तीव्रता जिन्यांवरून विचारली तर एकमजली घरात राहणाऱ्या शेतकऱ्याला उत्तर देता येत नाही. त्याला खुरपणी करताना किती वेळाने थांबावे लागते, हे विचारावे. ग्रामीण भागातल्या एखाद्या मावशींना ‘तंबाखू खाता का?’ असे विचारले की त्या प्रामाणिकपणे नाही म्हणतात, पण मशेरी लावता का हे वेगळे विचारल्यावर होय म्हणतात. तोंडाच्या कर्करोगाच्या रुग्णात हा एक प्रश्न राहून गेला तर सगळी हकिकत अपुरी ठरते. म्हणून प्रत्येक पोस्टिंगमध्ये अशा प्रश्नांची मराठीतली यादी स्वतः तयार करावी आणि रुग्णाने वापरलेले शब्द जसेच्या तसे लिहून ठेवावेत. वॉर्डातल्या सिस्टर, मामा आणि मावशी यांना रुग्ण रात्री कसा होता हे माहीत असते. त्यांना आदराने विचारणाऱ्या विद्यार्थ्याला राउंडच्या आधीच पुष्कळ कळलेले असते.

घेतलेली हकिकत मांडायची कशी, याचा सराव निराळा करावा लागतो. तीन-चार मित्रांचा गट करून आठवड्यातून दोन संध्याकाळी प्रत्येकाने एक केस कागद न पाहता मांडावी आणि इतरांनी परीक्षकासारखे मध्येच अडवून प्रश्न विचारावेत. जमल्यास एखाद्या रेसिडेंटला (पदव्युत्तर शिक्षण घेणाऱ्या डॉक्टरला) एका केसपुरते बसण्याची विनंती करावी. इमर्जन्सीच्या दिवशी मात्र ही विनंती करू नये. मांडणीच्या शेवटी निदान सांगताना त्याच्या बाजूचे आणि विरुद्धचे पुरावे दोन्ही सांगण्याची सवय लावावी. मी पाहिलेल्या बहुतेक चांगल्या विद्यार्थ्यांचे गुण इथेच जातात, कारण निदान बरोबर असते, पण त्या निदानाशी न जुळणारे जे एक चिन्ह रुग्णात असते त्याचा उल्लेख ते टाळतात.

वाचलेले टिकवण्यासाठी पुन्हा पुन्हा वाचणे हा सर्वांत लोकप्रिय आणि सर्वांत दुबळा मार्ग आहे. रोडिगर आणि कार्पिक या संशोधकांनी २००६ मध्ये प्रसिद्ध केलेल्या प्रयोगात, पाच मिनिटांनी घेतलेल्या चाचणीत उतारा पुन्हा वाचणारे पुढे होते. आठवड्यानंतर मात्र वाचून झाल्यावर आठवून लिहिणारे स्पष्टपणे पुढे गेले. म्हणून प्रकरण संपले की पुस्तक मिटून कोऱ्या कागदावर आकृती, तक्ता आणि पाच मुद्दे काढावेत आणि राहिलेले लाल शाईने भरावेत. औषधांचे दुष्परिणाम, एन्झाइमची नावे, जंतूंची वाढ होणारी माध्यमे अशा सुट्या माहितीसाठी अँकी हे प्रश्न-उत्तरांच्या कार्डांचे ॲप उपयोगी आहे. संगणकावर आणि अँड्रॉइडवर ते विनामूल्य आहे, आणि जे कार्ड चुकते ते लवकर व जे जमते ते उशिरा समोर आणणे हे त्याचे काम आहे. दुसऱ्याने बनवलेले हजारो कार्डांचे संच उतरवून घेण्याचा मोह टाळावा, कारण वाचता वाचता स्वतः बनवलेली रोजची दहा कार्डे अधिक काळ साथ देतात.

विद्यापीठाच्या लेखी परीक्षेत बहुपर्यायी प्रश्नांचा वाटा मर्यादित असतो. क्षमताधारित अभ्यासक्रमाने त्याला वीस टक्क्यांची कमाल मर्यादा घातली आहे. उरलेले सगळे उत्तर लिहून दाखवायचे असते, आणि वर्षभर केवळ व्हिडिओ पाहून पर्याय निवडणाऱ्या विद्यार्थ्याचा हात शेवटच्या महिन्यात चालत नाही. आठवड्याला एक दीर्घोत्तरी आणि चार लघुत्तरी प्रश्न घड्याळ लावून लिहावेत आणि प्रत्येक उत्तरात किमान एक आकृती किंवा ओघतक्ता असावा. ॲपबद्दल याहून अधिक लिहिण्यासारखे नाही. एकच निवडावे, अवघड प्रकरणासाठी त्यातला व्हिडिओ पाहावा आणि त्याचे प्रश्नसंच पदव्युत्तर प्रवेशाच्या नीट-पीजी परीक्षेच्या तयारीसाठी तिसऱ्या वर्षापासून हळूहळू सोडवावेत. त्या परीक्षेत बरोबर उत्तराला चार गुण मिळतात आणि चुकीच्या उत्तराला एक गुण वजा होतो, त्यामुळे आपण अंदाजाने किती उत्तरे देतो हे मोजण्याची सवय आधीपासून असावी.

सामाजिक वैद्यकशास्त्राचे पुस्तक कितीही चांगले असले तरी त्यातले आकडे जुने होत जातात. देशाचा मातामृत्यू दर २०१४-१६ मध्ये दर लाख जिवंत जन्मांमागे १३० होता आणि २०१८-२० मध्ये तो ९७ वर आला. एकूण प्रजनन दर राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाच्या चौथ्या फेरीत २.२ होता, तर पाचव्या फेरीत २.० झाला. असे निर्देशक मूळ सरकारी अहवालातून घ्यावेत आणि आकड्यासोबत वर्ष लिहावे. लसीकरणाचे वेळापत्रक आणि क्षयरोग, हिवताप, ॲनिमिया यांच्या मार्गदर्शक सूचना आरोग्य मंत्रालयाच्या संकेतस्थळांवर मिळतात. नेहमीच्या आजारांचे उपचार एकेका पानाच्या तक्त्यात मांडणारे भारतीय वैद्यकीय संशोधन परिषदेचे (आयसीएमआर) स्टँडर्ड ट्रीटमेंट वर्कफ्लो तर वॉर्डात उभ्या उभ्या पाहता येतात. इंटर्नशिपमध्ये प्राथमिक आरोग्य केंद्रावर एकट्याने ओपीडी पाहण्याची वेळ येते तेव्हा यांची खरी किंमत कळते.

पोस्टिंगसाठी खिशात मावेल अशी एक वही ठेवावी आणि ती लॉगबुकपासून वेगळी असावी. लॉगबुक, म्हणजे पूर्ण केलेल्या कामांची नोंदवही, शिक्षकांच्या सहीसाठी असते. या वहीत रोज एका रुग्णाचे वय, मुख्य तक्रार, सापडलेली चिन्हे, आपले निदान आणि नंतर कळलेले खरे निदान एवढेच लिहावे. नाव, पत्ता आणि नोंदणी क्रमांक लिहू नये. रुग्णाचा किंवा त्याच्या एक्स-रेचा फोटो परवानगीशिवाय काढू नये आणि व्हॉट्सॲप गटावर तर टाकूच नये, कारण तो माणूस उपचारासाठी आलेला आहे आणि आपण त्याच्या उपकारावर शिकत आहोत. साध्या नोंदींचे बळ किती असते, हे महाडच्या डॉ. हिंमतराव बावस्करांच्या कामातून दिसते. कोकणातल्या विंचूदंशाच्या रुग्णांचे त्यांनी चिकाटीने निरीक्षण केले, प्राझोसिन या औषधाचा उपयोग वैद्यकीय जगासमोर मांडला आणि २०२२ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. विद्यार्थ्याच्या वहीकडून एवढी अपेक्षा नाही, पण आपले निदान आणि खरे निदान शेजारी शेजारी लिहिल्याने आपण नेमके कुठे चुकतो हे महिन्याभरात दिसू लागते.

प्रात्यक्षिक परीक्षेच्या आधीचे दोन आठवडे नवीन काही वाचू नये. सकाळी वॉर्डात एक लाँग केस (एका रुग्णाची सविस्तर हकिकत आणि तपासणी) वेळ लावून पूर्ण घ्यावी, दुपारी एक्स-रे, उपकरणे, औषधे आणि नमुने यांच्या टेबलांची मित्रांसोबत उजळणी करावी आणि संध्याकाळी स्किल लॅबमध्ये हाताची कामे करावीत. ऑस्की, म्हणजे एकेका कौशल्याच्या स्टेशनवर फिरत द्यायची प्रात्यक्षिक परीक्षा, ही पद्धत १९७५ मध्ये हार्डन यांनी डंडी येथून मांडली. तिच्यात परीक्षकासमोर तपासणी-यादी असते आणि प्रत्येक पायरीला गुण असतात, म्हणून स्वतःची ओळख सांगणे, परवानगी घेणे, हात धुणे आणि शेवटी रुग्णाचे कपडे नीट करून आभार मानणे या पायऱ्याही तोंडाने म्हणत कराव्यात. सीपीआरच्या (हृदय थांबलेल्या रुग्णाची छाती दाबून आणि श्वास देऊन जीव वाचवण्याच्या) स्टेशनवर मिनिटाला १०० ते १२० दाब, पाच ते सहा सेंटिमीटर खोली आणि तीस दाबांमागे दोन श्वास हे आकडे पाठ असून भागत नाही. पुतळ्यावर दोन मिनिटे सलग दाब देऊन पाहिल्याशिवाय ती लय हाताला कळत नाही. यासाठी लॅबची वेळ आधीच मागून ठेवावी, कारण शेवटच्या आठवड्यात तिथे सगळ्या तुकडीची गर्दी असते.