डॉक्युमेंटरी एडिटर व्हायचंय? मग या चुका टाळा

वर्सोव्यात आमच्या एडिटला नवीन पोरं येतात, सॉफ्टवेअर झकास येतं, रील्स ढीगभर कापलेली असतात, आणि पहिला प्रश्न काय तर "मॅम, असिस्टंट किती दिवस राहावं लागतं?" अरे बाबा, आधी फुटेज तर बघ!

सगळ्यात डोकं फिरवणारी चूक म्हणजे ट्रान्स्क्रिप्ट वाचून फिल्म कापणं. हल्ली चहा येईपर्यंत मशीन सगळा इंटरव्ह्यू टाइप करून देतं, त्यामुळे बघायचा कंटाळा. 1982 च्या गिरणी संपावर एक फिल्म चालू होती, डॉ. दत्ता सामंतांचा तो संप, अडीच लाखाच्या आसपास कामगार त्यात. लालबागच्या चाळीतल्या एका काकूंचा इंटरव्ह्यू होता. असिस्टंटने कागदावर वाचलं, "सुखच सुख होतं हो, दोन्ही टाइम नुसता चहा प्यायचो", आणि ते वाक्य उचलून चाळीतल्या छान छान आठवणींच्या सिक्वेन्समध्ये टाकलं, वर बासरी! रफ कट, म्हणजे फिल्मची पहिली कच्ची जुळणी, बघायला काकूंचा मुलगा आलेला. तो म्हणाला, "अहो, घरात दाणा नव्हता म्हणून चहा पिऊन झोपायचो, ते सांगतेय आई." डिरेक्टरचं तोंड बघण्यासारखं झालं. रॉ फुटेजमध्ये सगळं दिसत होतं, काकू तोंड वाकडं करून बोलतायत, सरळसरळ टोमणा आहे. आणि त्याआधीचा प्रश्न होता "संपात घर कसं चाललं?", पण डिरेक्टरचा आवाज नकोय म्हणून प्रश्न आधीच उडवलेले. अख्खा सिक्वेन्स त्या एका वाक्यावर उभा होता, सगळा उसवला.

माझी सवय सांगते. पहिल्यांदा फुटेज बघताना कीबोर्ड बाजूला, वही पुढ्यात, आणि डबल स्पीड अजिबात नाही. डबल स्पीडला माणूस कुठे अडखळला, कुठे गप्प बसला हे कळतच नाही, आणि डॉक्युमेंटरीत नेमकं तेच लागतं ना. ट्रान्स्क्रिप्ट नंतर, शोधाशोध करायला. फार वेळ लागतो? लागतोच. घाई असेल तर दुसरी कामं आहेत की अंधेरीत.

दुसरं रोजचं दुखणं म्हणजे सिंक, चित्र आणि आवाज जुळणं. "मॅम, सुरुवातीला बरोबर आहे, शेवटाकडे ओठ एकीकडे आणि आवाज एकीकडे." बहुतेक वेळा शूटमध्ये कुणीतरी मोबाइल घुसवलेला असतो. मोबाइलचा फ्रेम रेट, म्हणजे सेकंदाला किती फ्रेम, वरखाली होत राहतो आणि एडिटची टाइमलाइन धरून बसते की तो एकसारखाच आहे. असं फुटेज आत घ्यायच्या आधीच हँडब्रेक किंवा शटर एन्कोडर असल्या कन्व्हर्टर सॉफ्टवेअरमधून कॉन्स्टंट 25 फ्रेमवर काढून घ्या, अर्धी फिल्म कापून झाल्यावर नाही. मोबाइल नसेल तर बघा, 23.976 चं फुटेज 24 धरून तर चालवलं नाही ना, कारण वेगळा रेकॉर्ड केलेला आवाज मग तासाला 3.6 सेकंद सरकतो. पोरं काय करतात, आवाजाचे तुकडे करून जागोजागी ढकलत बसतात, मग साउंडवाला शिव्या घालतो, घालणारच.

म्युझिक लावून त्यावर सीन कापू नका. म्यूट करून बघा, सीन पडत असेल तर तो आधीच पडलेला होता.

फाइलला "फायनल_न्यू_खरंच फायनल" असली नावं नकोत, तारीख टाका.

दोन हार्ड डिस्क घेतल्या म्हणून बॅकअप होत नाही, दोन्ही एकाच बॅगेत टाकून विरार फास्टला लटकणारे बघितलेत मी. एक डिस्क कायम दुसऱ्याच्या घरी ठेवा.

आणि पैसे. डॉक्युमेंटरी वर्ष वर्ष लोंबकळते, "फंडिंग आलं की देतो" हे ऐकून कामाला लागू नका. अ‍ॅडव्हान्स, रफ कट, पिक्चर लॉक (म्हणजे कट पक्का, आता बदल नाही) असे टप्पे पाडा, बदलांचे राउंड किती तेही मेलवर लिहून घ्या. लॉकनंतर रात्री साडेअकराला "फक्त एक छोटासा चेंज" असा मेसेज येतो, त्याचे वेगळे पैसे लावायचे.