ग्लुकोज उताराने जाते की चढाने? वर्गात, लॅबमध्ये आणि घरी होणाऱ्या या चुका टाळा

द्राक्षाचा हंगाम सुरू झाला की निफाड-दिंडोरी पट्ट्यात ग्लुकोमीटरवर एक फसवे रीडिंग हमखास दिसते. सकाळी उपाशीपोटी ९८ असलेला माणूस दुपारी बागेतून येतो, तसाच बोट टोचतो आणि मीटर २६० दाखवतो. घाबरून दुसरे बोट टोचले तर १७०. मीटर ठीक असतो, स्ट्रिपही मुदतीतली असते. जास्तीची साखर रक्तात नसून बोटावर असते.

हिशेब करून पाहा. काढणीला आलेल्या मण्याचा रस १७ ब्रिक्स, म्हणजे साधारण १७ टक्के साखरेचा धरा. त्यातली साखर साधारण निम्मी ग्लुकोज, निम्मी फ्रुक्टोज, म्हणजे १०० मिलिलिटर रसात सुमारे ८ ग्रॅम ग्लुकोज. मीटरच्या भाषेत हे ८००० मिलिग्रॅम प्रति डेसिलिटर झाले. स्ट्रिपला लागतो जेमतेम अर्धा मायक्रोलिटर थेंब. त्यात २ टक्के रस मिसळला तरी रीडिंग दीडशेहून जास्त अंकांनी वाढते, आणि बोटावर वाळलेला रस तर याहून घट्ट. स्पिरिटचा बोळा फिरवून ही चिकटी जात नाही. साबणाने हात धुवा, नीट कोरडे करा, पहिला थेंब कापसाने टिपा आणि दुसरा स्ट्रिपला लावा. बोट ओले राहिले तर चूक उलट्या बाजूने होते, रक्त पातळ होऊन आकडा कमी येतो.

ग्लुकोजच्या वहनाबद्दलच्या बहुतेक चुका याच जातीच्या आहेत. कुठे जास्त आहे आणि कुठे कमी, मधला दरवाजा कोणता, आणि हा फरक टिकवून कोण ठेवते, हे तीन प्रश्न न विचारता उत्तर लिहिले जाते किंवा औषध घेतले जाते.

‘रेणू मोठा आहे, म्हणून एटीपी लागणारच’

बारावीपासून बीएस्सीपर्यंत भेटणारी चूक. ग्लुकोज मेदाच्या पटलातून स्वतःहून जवळपास जात नाही, हे खरे. पण त्याला दरवाजा लागतो, ऊर्जा (म्हणजे एटीपी, पेशीचे ऊर्जेचे चलन) लागतेच असे नाही. रक्तात उपाशीपोटी सुमारे ९० मिलिग्रॅम, म्हणजे ५ मिलिमोल ग्लुकोज असते. मिलिग्रॅमला १८ ने भागले की मिलिमोल मिळतात. हे रूपांतर विसरून ५ आणि ९० एकाच आलेखावर काढणारेही कमी नाहीत. स्नायूच्या पेशीत मोकळे ग्लुकोज जवळजवळ नसते. त्यामुळे ग्लुट जातीच्या वाहकांमधून ते उताराने आत शिरते, गंगापूर धरणाचे पाणी कालव्याला लागते तसे.

मग आत साठून उतार संपत का नाही? कारण आत आल्या आल्या हेक्झोकायनेज हे विकर त्याला फॉस्फेट जोडते, आणि हे ग्लुकोज-६-फॉस्फेट ग्लुटमधून परत जाऊ शकत नाही. एटीपी खर्च होतो तो इथे, दरवाजात नाही. हा फॉस्फेट काढणारे विकर यकृतात आणि मूत्रपिंडात आहे, स्नायूत नाही. म्हणून ‘स्नायूतल्या ग्लायकोजेनमधून थेट रक्तात ग्लुकोज येते’ हे वाक्य लिहिले की गुण गेले.

आलेखातही एक चूक ठरलेली. साध्या विसरणाची रेषा सरळ वर जाते; वाहक मात्र मोजके, त्यामुळे त्यांची रेषा वाकून सपाट होते. ही वाकण प्रत्येक ग्लुटची वेगळी. कमाल वेगाच्या निम्मा वेग ज्या संहतीला मिळतो, ती मेंदूच्या पेशींवरच्या ग्लुट-३ साठी दीड मिलिमोलच्या आसपास, तर यकृताच्या ग्लुट-२ साठी १५ ते २०. रक्तातली साखर ५ वरून १० मिलिमोलवर गेली तर ग्लुट-३ चा वेग कमाल वेगाच्या ७७ टक्क्यांवरून ८७ वर जातो, म्हणजे फारसा फरक नाही. ग्लुट-२ चा २३ वरून ३७ वर जातो. जेवणानंतर यकृताचा वाटा का वाढतो आणि मेंदूचा का नाही, ते या चार आकड्यांत आहे.

‘इन्सुलिन ही प्रत्येक पेशीची किल्ली’

तक्त्यांवर छापलेल्या या उपमेने बराच घोळ घातला आहे. तांबड्या पेशी, मेंदू, यकृत यांचे दरवाजे इन्सुलिनची वाट पाहत नाहीत. वाट पाहतो तो स्नायू आणि चरबीच्या पेशींमधला ग्लुट-४, आणि तिथेही कुलूप उघडण्याचा प्रकार नाही. हे वाहक पेशीच्या आत पुटिकांमध्ये पडून असतात. इन्सुलिनच्या संदेशाने त्या पटलाला येऊन मिळतात. दरवाजे उघडत नाहीत, नवे बसवले जातात.

स्नायू आकुंचन पावला की इन्सुलिनशिवायही ग्लुट-४ वर येतो. गोल्फ क्लबच्या ट्रॅकवर संध्याकाळी भरभर चालल्यावर साखर उतरते, त्यात याचा मोठा हात आहे. म्हणून इन्सुलिन किंवा ग्लिमेपिराइड (शरीरातले इन्सुलिन वाढवणारी गोळी) घेणाऱ्याने खिशात ग्लुकोज ठेवून चालावे. रीडिंग ७० च्या खाली गेले तर १५ ग्रॅम ग्लुकोज पाण्यातून, १५ मिनिटांनी पुन्हा तपासणी. शुद्ध हरपत असेल तर तोंडात काही घालू नका, थेट दवाखाना गाठा. इथली एक चूक महागात पडते: व्होग्लिबोज किंवा अकार्बोज चालू असलेल्याला घरची साखर खायला देणे. साखर म्हणजे सुक्रोज. तिचे ग्लुकोज करणारे आतड्यातले विकर हीच औषधे रोखून धरतात. अशा वेळी ग्लुकोज पावडरच हवी.

चढाचा रस्ता आणि लपलेली वीज

आतड्यात आणि मूत्रपिंडात ग्लुकोज शेवटच्या कणापर्यंत ओढून घ्यायचे असते, म्हणजे कमीकडून जास्तीकडे. इथे एसजीएलटी, म्हणजे सोडियम आणि ग्लुकोज जोडीने नेणारा वाहक. विद्यार्थी त्याच्यावरच एटीपीचा बाण काढतात, तो काढू नका. विहिरीवरची मोटार पाणी उपसते, पण वीज दुसरीकडे तयार होते. तसा एटीपी पेशीच्या रक्ताकडच्या बाजूला, सोडियम-पोटॅशियम पंपात खर्च होतो. पंप ३ सोडियम बाहेर टाकतो आणि २ पोटॅशियम आत घेतो. त्यामुळे बाहेर सोडियम सुमारे १४० मिलिमोल, आत १० ते १५. हा सोडियम आत घुसताना ग्लुकोजला सोबत ओढतो. ही कल्पना रॉबर्ट क्रेन यांनी १९६० मध्ये प्राग येथे मांडली.

एसजीएलटी-२ एका ग्लुकोजमागे १ सोडियम घेतो, एसजीएलटी-१ घेतो २. फरक किरकोळ वाटतो, पण सोडियम दहापट आणि पटलावर उणे ६० मिलिव्होल्ट धरले तर एका सोडियममागे साधारण १०० पट चढ चढता येतो आणि दोन सोडियममागे १०० गुणिले १००, म्हणजे १०,००० पट. हा सिद्धांतातला कमाल आकडा आहे, पण मूत्रपिंडाने नलिकेच्या सुरुवातीला एसजीएलटी-२ आणि शेवटी एसजीएलटी-१ का ठेवला ते त्यावरून कळते. सुरुवातीला ग्लुकोज भरपूर, तिथे काटकसर चालते. शेवटी उरलेसुरले खरवडायचे असते.

डापाग्लिफ्लोझिनसारखी औषधे हाच एसजीएलटी-२ अडवतात. ती चालू असताना लघवीत साखर येणारच. ‘युरिन शुगर थ्री प्लस’ पाहून औषध बंद करू नका. रक्ताची साखर बघा.

डायलिसिस ट्यूबिंगचा प्रयोग फसतो तो इथे

नळीत १० टक्के ग्लुकोजचे १० मिलिलिटर आणि थोडे स्टार्च, बाहेर डिस्टिल्ड वॉटर, दर १० मिनिटांनी बाहेरच्या पाण्याची बेनेडिक्ट चाचणी (ग्लुकोज असले की निळे द्रावण तापवल्यावर हिरवे ते विटकरी होते). प्रयोग सोपा, तरी अर्ध्या वर्गाचा निकाल येत नाही.

सर्वात मोठी चूक बीकरच्या आकाराची. नळीत एकूण १ ग्रॅम ग्लुकोज आहे. बाहेर ५०० मिलिलिटर पाणी घेतले तर पूर्ण समतोल आल्यावरही संहती ०.२ टक्के, आणि २० मिनिटांत तर त्याहून खूप कमी. बेनेडिक्ट निळाच राहतो किंवा जेमतेम हिरवट होतो. ५० मिलिलिटर घ्या, समतोलाला दीड टक्क्याच्या वर जाल. उंच, अरुंद बीकर किंवा मोठी परीक्षानळी उत्तम. मधून मधून ढवळा, नाहीतर नळीच्या भोवतीच ग्लुकोजचा थर साचतो आणि तिथला उतार मंदावतो.

दुसरी चूक याच्या उलट: शून्य मिनिटालाच पाणी विटकरी. नळी भरून गाठ मारल्यावर बाहेरून धुतली नाही, एवढाच अर्थ. भरण्यापूर्वी नळी १० मिनिटे पाण्यात भिजवा, तोंड बोटांनी चोळून उघडा, एक तृतीयांश जागा रिकामी सोडा, कारण परासरणाने पाणी आत येऊन ती फुगते. गाठ मारून वाहत्या पाण्याखाली धुवा, मगच बीकरमध्ये सोडा.

बेनेडिक्ट ५ मिलिलिटर, नमुना ८ थेंब, उकळत्या पाण्यात ३ ते ५ मिनिटे. रंग येईना म्हणून नमुना ओतत राहू नका. आधी विचारा, ग्लुकोज कुठून आणले? स्वयंपाकघरातली साखर वापरली असेल तर सुक्रोज बेनेडिक्टला दाद देणार नाही. स्टार्चची आयोडीन चाचणी वेगळ्या नळीत आणि द्रावण थंड झाल्यावर. गरम स्टार्चवर निळा-काळा रंग टिकत नाही. बाहेरचे पाणी आयोडीनने काळे झाले तर नळी फाटली आहे किंवा गाठ सैल आहे.

आणि निष्कर्षात ‘म्हणून ग्लुकोज पेशीपटलातून मुक्तपणे जाते’ असे लिहू नका. ट्यूबिंग ही छिद्रांची चाळणी आहे, तिच्यात ग्लुट नाही. तिच्यावरून रेणूच्या आकाराबद्दल बोलता येते, पेशीच्या निवडीबद्दल नाही.

टेस्टट्यूबमधल्या पेशीही खातात

सिन्नर किंवा घोटीच्या कलेक्शन सेंटरवर काढलेला नमुना नाशिकला पोचायला दोन-तीन तास सहज जातात. तोवर तांबड्या पेशी ग्लुट-१ मधून ग्लुकोज घेतच राहतात, त्यांना माहीत नाही आपण शरीराबाहेर आहोत. साध्या ट्यूबमध्ये दर तासाला ५ ते ७ टक्के घट होते. ११० ची फास्टिंग दोन तासांत ९७ च्या आसपास येते आणि मधुमेहाच्या उंबरठ्यावरचा माणूस नॉर्मल ठरतो.

राखाडी टोपणाची फ्लोराइड ट्यूब वापरा, खुणेपर्यंत भरा, ८ ते १० वेळा हलक्या हाताने उलटसुलट करा. पण फ्लोराइड घातले म्हणजे घड्याळ थांबले असे नाही. ते इनोलेज हे बरेच पुढचे विकर अडवते. सुरुवातीचे हेक्झोकायनेज तास-दोन तास चालूच राहते. नमुना लगेच बर्फात ठेवून शक्यतो अर्ध्या तासात प्लाझ्मा वेगळा करा.

ओआरएस ‘चांगले घट्ट’ करू नका

१ लिटरच्या पाकिटात १३.५ ग्रॅम ग्लुकोज असते: लिटरला ७५ मिलिमोल ग्लुकोज, ७५ मिलिमोल सोडियम, एकूण २४५ मिलिऑस्मोल. ही जोडी एसजीएलटी-१ साठीच बांधली आहे. जुलाबातही हा वाहक बहुधा शाबूत असतो, आणि सोडियम-ग्लुकोज आत गेले की मागोमाग पाणी जाते. तेच पाकीट एका पेल्यात, २०० मिलिलिटरमध्ये कालवले तर १२०० च्या वर मिलिऑस्मोल होतात. रक्त २९० च्या आसपास. आता उतार उलटा झाला, पाणी शरीरातून आतड्यात येते आणि जुलाब वाढतात.

द्राक्षाचा ताजा रस ‘ताकद येईल’ म्हणून देण्याचीही पद्धत आहे. त्यात लिटरला सुमारे ९०० मिलिमोल साखर, सोडियम नगण्य, आणि निम्मे फ्रुक्टोज, जे एसजीएलटी-१ मधून जातच नाही. त्याचा दरवाजा ग्लुट-५ वेगळा. जुलाब थांबेपर्यंत तो बाजूला ठेवा. पाकीट नसेल तर १ लिटर उकळून गार केलेल्या पाण्यात ६ सपाट चहाचे चमचे साखर आणि अर्धा सपाट चमचा मीठ. चमचा शीग भरून घेऊ नका. चव अश्रूंपेक्षा खारट लागली तर ते ओतून द्या आणि पुन्हा करा. २४ तासांनंतर उरलेलेही ओतून द्या.