उसावरच्या तारांचा झोळ: तोंडी सांगू नका, अर्ज देऊन पोच घ्या

फेब्रुवारी सरत आला की राहिलेल्या उसाचं पाचट कडकडीत वाळतं, गहू काढणीला येतो आणि दुपारचा वारा सुटतो. उन्हानं विजेची तार तापून लांबते, झोळ वाढतो, वाऱ्यानं दोन फेजच्या तारा घासतात आणि ठिणगी थेट पाचटात पडते. या आठवड्यात बाकी कामं मागे राहिली तरी चालतील, पण आपल्या रानावरून गेलेला प्रत्येक गाळा, म्हणजे दोन खांबांमधली तार, नजरेखालून घाला.

केंद्रीय विद्युत प्राधिकरणाच्या नियमानुसार ११ केव्हीपर्यंतची (११ हजार व्होल्ट) उघडी तार रानात जमिनीपासून किमान ४.६ मीटर, म्हणजे साधारण १५ फूट उंच हवी. उंची मोजायला गज, पाइप किंवा शिडी वर धरू नका. बांधावर माणूस उभा करून लांबून फोटो काढा, झोळ त्यात दिसतो. माझा अनुभव असा की ज्या खांबाचा ताण सैल असतो, तिथला झोळ आधी वाढतो. तो खांब पहिला बघा.

ऊस जळालेल्या बहुतेकांनी वायरमनला आधी सांगितलेलं असतं. रस्त्यात भेटला तेव्हा, नाहीतर फोनवर. आग लागल्यावर त्या सांगण्याचा कुठेच पुरावा नसतो आणि वीज कंपनीचं उत्तर ठरलेलं असतं: पाचट तुम्हीच पेटवलं असेल, नाहीतर कुणीतरी बिडी टाकली असेल.

कायदा शेतकऱ्याच्या बाजूचा आहे. तुटलेल्या जिवंत तारेनं सायकलस्वाराचा मृत्यू झाला, त्या मध्य प्रदेश विद्युत मंडळाच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं २००२ मध्ये स्पष्ट केलं की वीज ही मुळातच धोकादायक. ती पुरवणाऱ्यावर कडक जबाबदारी येते आणि निष्काळजीपणा वेगळा सिद्ध करावा लागत नाही. वीज चोरण्यासाठी तिसऱ्याच कुणी तार ओढली, हा बचावही तिथे टिकला नाही. ऊस जळाल्याच्या प्रकरणांत ग्राहक आयोगांनीही भरपाई दिलेली आहे. पण आग तारेमुळेच लागली, हे आपल्याला दाखवावं लागतं. तिथे आधीच्या अर्जाची पोच उपयोगी पडते.

म्हणून अर्ज आजच लिहा. ग्राहक क्रमांक, गट क्रमांक, डीपीचं (ट्रान्सफॉर्मरचं) नाव, कोणत्या दोन खांबांमधला गाळा, सोबत फोटो. दोन प्रती न्या, एकीवर आवक शिक्का आणि तारीख घ्या. पोच द्यायला टाळाटाळ झाली तर स्पीड पोस्टानं पाठवा. वीज कंपनीच्या १९१२ या फोनवर तक्रार केली असेल तर तक्रारीचा क्रमांक अर्जात लिहा. पंधरा दिवसांत काम झालं नाही तर स्मरणपत्र द्या आणि त्याची एक प्रत सरकारच्या विद्युत निरीक्षकाला पाठवा.

नेहमीची कामं:
- तारेखालच्या सऱ्यांचं पाचट सोलून बाहेर काढणं
- तोडणी तारेखालच्या पट्ट्यापासून सुरू करायला टोळीला सांगणं
- डीपीभोवतीचं गवत काढणं
- गव्हाची गंजी तारेपासून लांब रचणं

या दिवसांत दुकानदार महागडे पॅनेल आणि ऑटो स्विच गळ्यात मारतात. ऑटो घेऊ नका. वीज येताच मोटर आपोआप सुरू होते आणि तेव्हा कुणाचा हात पंपावर असला तर जीव जातो. तोच पैसा अर्थिंगला घाला: ४० मिमीचा जीआय पाइप, २.५ मीटर खोल, भोवती कोळसा-मीठ, उन्हाळ्यात वरून पाणी. पंपाच्या खोलीतल्या बोर्डाला ३० मिलीअँपिअरचा ईएलसीबी (वीज गळताच पुरवठा तोडणारा स्विच) बसवा.

रानडुकरांसाठी कुंपणात थेट वीज सोडू नका. त्यात माणूस गेला तर गुन्हा तुमच्यावरच दाखल होतो. स्वतःच तारेवर चोरीचा आकडा टाकलेला असेल तर भरपाईचा दावाही लंगडा पडतो.

तार पडली तर जवळ जाऊ नका, आधी वीज बंद करायला लावा. जळालेलं रान पंचनाम्याआधी आवरू नका. तलाठी, कृषी सहायक, पोलीस आणि वीज कंपनीचा माणूस अशा सर्वांसमोर पंचनामा करून घ्या, वितळलेल्या तारेची नोंद त्यात आलीच पाहिजे. माणूस दगावला तर शवविच्छेदन टाळू नका. जनावर दगावलं तरी तो कायद्यानं अपघातच आहे. प्राणघातक अपघाताची खबर कंपनीनं विद्युत निरीक्षकाला २४ तासांत आणि लेखी अहवाल ४८ तासांत द्यायचा असतो. तरी त्यावर विसंबू नका, स्वतःही निरीक्षकाला अर्ज द्या आणि चौकशी अहवालाची प्रत मागा.

गोपीनाथ मुंडे शेतकरी अपघात सुरक्षा सानुग्रह अनुदान योजनेत विजेच्या धक्क्यानं मृत्यू झाल्यास २ लाख रुपये मिळतात, प्रस्ताव ३० दिवसांत तालुका कृषी अधिकाऱ्याकडे द्यायचा. कंपनीकडून मागायची भरपाई यापेक्षा वेगळी. ग्राहक आयोगात त्यासाठी २ वर्षांच्या आत जावं लागतं.