धुऱ्याचा वाद बोलून मिटवायचा असेल तर

दोन शेतांमधला धुरा, म्हणजे हद्दीचा बांध, हातभर सरकला की पेरणीच्या तोंडावर भांडण पेटतं. पुढे तालुक्याच्या खेपा, वकील, तारखा, आणि लग्नकार्यात एकमेकांचं तोंड न पाहणारी दोन घरं. असा वाद मिटवायला जो मधे पडतो त्याचं खरं काम बैठकीत होत नाही, बैठकीच्या आधी दोन्ही घरी जाऊन होतं. चार लोकांसमोर माणूस आपला शब्द मागे घेत नाही. घरच्या ओसरीवर, एकट्याने विचारलं तर घेतो.

वेळ आधी पाहा. जूनमध्ये पेरणीची घाई असताना कायमचा तोडगा निघत नाही, तेव्हा फक्त या हंगामापुरतं ठरवावं: वादाच्या जागेतले दोन तास, म्हणजे पेरणीच्या दोन ओळी, दोघांनीही सोडून पेरावं, आणि असं सोडल्याने कोणाचाही हक्क गेला असं धरायचं नाही. खरी बोलणी तूर-हरभरा निघाल्यावर, फेब्रुवारीपासून मेपर्यंत. रान मोकळं असतं, धुरा डोळ्यांना दिसतो, मोजणीही करता येते. वेळ सकाळची घ्या. संध्याकाळी दारूचा संबंध येतो आणि आठवडाभर जुळवलेलं एका शिवीत मोडतं.

बोलणी लवकर करावी याचं उदाहरण आपल्याच विदर्भात आहे. नागपूरकर भोसले 29 नोव्हेंबर 1803 ला इंग्रजांशी आडगावची लढाई हरले, 15 डिसेंबरला गाविलगडचा किल्ला गेला आणि 17 डिसेंबरला देवगावला तह झाला. वर्धा नदीच्या पश्चिमेचा मुलूख आणि तिकडे ओडिशातलं कटक, दोन्ही सोडावं लागलं. दोन्ही बाजूंकडे देण्यासारखं आणि राखण्यासारखं काही असतं तोवरच बोलणीला जोर असतो. कोर्टात एकाची पूर्ण सरशी झाल्यावर दुसऱ्याकडे फक्त राग उरतो.

घरी जाण्याआधी कागद पाहून घ्या: दोघांचे सातबारा आणि आठ-अ, गटाचा नकाशा, वाटणी झाली असेल तर फाळणीचा कागद, जुनी मोजणी असेल तर तिची 'क' प्रत, म्हणजे मोजणीचा नकाशा. मग हिशोब करा. धुरा 200 मीटर लांब आणि 30 सेंटिमीटर सरकलेला असेल तर जागा भरते 60 चौरस मीटर, म्हणजे 0.6 आर. एकरात सुमारे 40 आर असतात. हा आकडा स्वतःसाठी ठेवा, समोरच्याच्या तोंडावर मारू नका. "इतक्याशा जागेसाठी काहून भांडता?" असं विचारलं की तो दुप्पट अडतो, कारण त्याच्यासाठी प्रश्न जागेचा राहिलेलाच नसतो. बापाने राखलेली हद्द आपल्या हातून गेली, हे गावाने पाहिलं, हे त्याला सलत असतं.

पहिल्या भेटीत तोडगा सांगू नका, ऐका. "काका, धुरा कुठी होता ते मंग पाहू. पयले हे सांगा, पेरणीच्या दिवसात तुमाले अडचण कायची येते?" अशा प्रश्नाला वेगळीच उत्तरं येतात. वरच्या शेताचं पाणी उतरून काळ्या रानात साचतं आणि कपाशी पिवळी पडते. बैलबंडी वळवायला जागा उरत नाही. धुऱ्यावरच्या बाभळीची सावली एकाच्या पिकावर पडते आणि लाकूड दुसरा नेतो. धुऱ्याच्या नावाखाली भांडण बरेचदा पाण्याचं नाहीतर वाटेचं असतं. पाण्यासाठी दोघांच्या खर्चाने चर काढला की हद्दीचा हट्ट सैल पडतो. घरातल्या बाईला आणि कर्त्या मुलालाही विचारा. म्हाताऱ्याने होकार दिला आणि मुलाने संध्याकाळी मोडला, असं फार होतं. उठण्याआधी एकदा विचारायचंच: "अजून काही सांगाचं राह्यलं काय?" मुख्य गोष्ट पुष्कळदा इथेच निघते.

निरोप नेण्याची शिस्त कडक हवी. इकडचा मुद्दा तिकडे न्यावा, इकडचा सूर नेऊ नये. शिवी, टोमणा, जुनं उणंदुणं वाटेतच गाडून टाकावं. कोणाची तयारी समोर सांगायची तर आधी त्याची परवानगी घ्या. सर्वांत उपयोगी रीत अशी की प्रस्ताव आपल्या नावावर मांडावा: "मी माह्या मनानं असं सुचवून पाह्यतो, चालन काय?" तो नाकारला तर मध्यस्थाचं बोलणं नाकारलं जातं, आणि मान्य झाला तर कोणीही कोणापुढे वाकलं असं होत नाही. दोघांना बरं वाटेल म्हणून दोन घरी दोन वेगळ्या गोष्टी सांगणारा मध्यस्थ मात्र पहिल्याच बैठकीत उघडा पडतो, आणि मग त्या गावात त्याला कोणी विचारत नाही.

'अर्धं-अर्धं करून टाका' हा सल्ला सोपा दिसतो, पण त्यात अन्याय आहे. ज्याने मागणी फुगवली त्याचा फायदा होतो, खरं मागणारा बुडतो. त्यापेक्षा सरकारी मोजणी घ्या, आणि ती येण्याआधी चार गोष्टी लिहून ठरवा: फी दोघांनी निम्मी भरायची; खुणा जिथे पडतील तिथे दोघांनी मान्य करायच्या; उभं पीक ज्याने पेरलं त्याने काढायचं; दगड त्याच आठवड्यात रोवायचे. हे आधी ठरलं नाही तर हरलेला मोजणीलाच खोटं म्हणतो आणि वाद पुन्हा सुरू होतो.

बैठकीला पाच ते सात माणसं पुरेत. दोन्ही बाजूंचा विश्वास असलेला एकेक माणूस हवाच. जागा कोणाच्या घरची नको, ज्या देवळात एकाला परकं वाटतं तेही नको. सुट्टीच्या दिवशी शाळेचा वऱ्हांडा बरा. बसायला दोघांना सारखं, दोघेही खुर्चीवर नाहीतर दोघेही सतरंजीवर. वयाने मोठा आधी बोलेल, मधे कोणी तोडणार नाही. मोबाइलवर शूटिंग बंद ठेवा, कारण व्हिडिओ चालू असला की माणूस गावासाठी बोलतो. शेवटी बळजबरीने गळाभेट घ्यायला लावू नका. राग उतरायला वेळ लागतो. सही झाली तेवढं त्या दिवशी पुरे.

कागदावर तारीख, गट नंबर, मापं, खर्च कोणाचा, काम कोणत्या तारखेपर्यंत, आणि मोडलं तर आधी कोणाकडे यायचं, हे सगळं लिहा. दोन प्रती, साक्षीदारांच्या सह्या. एक लक्षात असू द्या, अशा साध्या कागदाने जमिनीची मालकी बदलत नाही. मालकी बदलायची तर नोंदणीकृत दस्त लागतो. एकाच्या नावची जमीन दुसऱ्याच्या ताब्यात आणि दुसऱ्याची पहिल्याच्या, असं किमान 12 वर्षं चालत आलं असेल तर 2023 ची सलोखा योजना पाहा. अदलाबदलीच्या दस्ताला त्यात मुद्रांक शुल्क 1000 रुपये आणि नोंदणी फी 1000 रुपये असते. योजनेची मुदत तलाठ्याकडे विचारून घ्या. दगड रोवल्यावर पहिलं वखर चालेल त्या दिवशी आणि पहिला मोठा पाऊस पडेल त्या दिवशी मध्यस्थाने शेतावर चक्कर मारावी. करार मोडायचा असला तर तो याच दोन दिवशी मोडतो.

बायकांवरचा मार, जातीवरून झालेला अत्याचार, गंभीर दुखापत, हे गावात बसवून मिटवायचे विषय नाहीत. तिथे समेटाच्या नावाने दुबळ्यालाच गप्प केलं जातं. पोलीस ठाणं हीच जागा.

वाटेच्या वादात एक तारीख वहीत लिहून ठेवा. वापरातला रस्ता अडवला तर मामलेदार न्यायालय अधिनियम 1906 च्या कलम 5 खाली तहसीलदाराकडे अर्ज करायला अडवल्यापासून 6 महिने मिळतात. बोलणी चालू आहेत म्हणून ही मुदत थांबत नाही. चौथा महिना संपेपर्यंत जमलं नाही तर अर्ज देऊन टाका आणि समोरच्याला आधी सांगून द्या, म्हणजे त्याला तो दगा वाटणार नाही. रस्ताच नसेल तर महसूल संहिता 1966 चं कलम 143 आहे. त्याखाली धुऱ्यावरून वाट मिळू शकते. प्रकरण दिवाणी कोर्टात असेल आणि मधेच जुळलं, तर गावातल्या कागदावर थांबू नका, समेट लोकअदालतीत नोंदवा. तिथल्या निवाड्याला कोर्टाच्या हुकूमनाम्याचा जोर असतो, त्यावर अपील होत नाही आणि भरलेली कोर्ट फीही परत मिळते.