झोपेत चालण्यावर शॉर्ट फिल्म करताय? या चुका टाळा

सायकॉलॉजिकल शॉर्ट फिल्म आणि त्यात झोपेत चालणारा माणूस म्हटलं की पहिला शॉट ठरलेलाच, डोळे मिटलेले आणि दोन्ही हात पुढे. प्लीज नको! अशा माणसाचे डोळे बहुतेक वेळा उघडे असतात, फक्त नजर कशावरच नसते. मॅकबेथ नाटकातली लेडी मॅकबेथ पण झोपेत उघड्या डोळ्यांनीच फिरते, म्हणजे 400 वर्षांपूर्वी शेक्सपिअरला कळलं ते आपल्याला अजून कळत नाही. ॲक्टरला एवढंच सांगा, समोरच्याच्या पलीकडे भिंतीकडे बघ, बाकी ॲक्टिंग बंद.

घड्याळात पहाटेचे 3 वाजलेले दाखवणं हेही तसलंच. हे चालणं गाढ झोपेत होतं आणि गाढ झोप जास्त करून रात्रीच्या सुरुवातीला असते, त्यामुळे कॅरेक्टर 11 ला झोपलं असेल तर साडेबाराच्या आसपास उठवा. आणि तो स्वप्न जगतोय म्हणून निळे-जांभळे ड्रीम सीन टाकू नका, ठळक स्वप्नं पडतात त्या रेम झोपेत अंग जवळजवळ लुळं पडलेलं असतं, माणूस चालणार कसा?

सगळ्यात मोठा घोळ शेवटात होतो. 'ते सगळं स्वप्न होतं' म्हणे. अरे, त्याला सकाळी बहुतेक काहीच आठवत नाही हाच तर सस्पेन्स आहे, प्रेक्षकाला माहीत, घरच्यांना माहीत, त्यालाच नाही! म्हणून रात्रीपेक्षा सकाळ जास्त शूट करा, तळपायाला माती, उघडी कडी, बायकोचं गप्प बसणं. खून शक्यतो नकोच. 1987 मध्ये कॅनडात केनेथ पार्क्स झोपेत सुमारे 23 किलोमीटर गाडी चालवत गेला, सासूला मारलं आणि कोर्टात निर्दोष सुटला, पण अशी केस फार दुर्मिळ.

हलवून जागं केलं की माणूस मरतो, हेही दाखवू नका. तो गोंधळतो, कधी ढकलतो, बस. आईनं हळूच दंडाला धरून परत गादीवर नेलं तर सीन जास्त अंगावर येतो.

आता टेक्निकल. अंधार हवा म्हणून लाइट बंद करून आयएसओ, म्हणजे कॅमेऱ्याची प्रकाश टिपायची सेटिंग, वाढवत बसलात तर फुटेजमध्ये नुसते दाणे येतील, त्यापेक्षा बाथरूमचा दिवा चालू आणि दार अर्धवट उघडं ठेवा. आपल्याकडे वीज 50 हर्ट्झची, कॅमेऱ्याचा शटर स्पीड 1/50 सेकंद ठेवला की ट्यूबलाइट शक्यतो फडफडत नाही. आणि पंखा शूटच्या वेळी बंदच करा, त्याची घरघर नंतर वेगळी लावता येते, नाहीतर प्रत्येक कटला आवाज तुटतो.